रोटरच्या पात्यांचे नायलॉक नट: बसवायचे कसे, आणि अडकले तर काढायचे कसे?

रानवाट

नमस्कार मंडळी. मी अहिल्यानगर जिल्ह्यातला शेतकरी. पाच फुटी रोटाव्हेटर आहे. घरचं रान करून गावात भाड्यानेही मारतो.

गेल्या मंगळवारी उसाचा खोडवा मोडायला गेलो होतो. शेवटच्या पाळीला खाडकन आवाज आला आणि एक पातं निघून मागच्या पत्र्यावर आदळलं. पत्रा आतून बाहेर फुगला. तो पत्रा नसता तर पातं थेट मागे गेलं असतं, आणि मागे माझा पुतण्या खोडक्या वेचत होता. बारा वर्षांचा आहे. त्या रात्री मला झोप लागली नाही. म्हणून हा धागा काढतोय.

रोटरला ३६ पाती आहेत, प्रत्येकाला दोन बोल्ट, म्हणजे ७२ नट. १२ चा बोल्ट, १९ चा पाना. दुसऱ्या दिवशी एकेक तपासला तर अकरा नट हाताने हलत होते. सगळे नायलॉकच आहेत, आतल्या निळ्या नायलॉन रिंगवाले. पण खरं सांगायचं तर दर हंगामाला पाती बदलताना तेच नट मी पुन्हा लावत आलो. नायलॉक आहे म्हणजे सुटणार नाही, असं डोक्यात बसलं होतं.

आता दोन अडचणी आहेत. नऊ नट असे गंजलेत की पाना लावला की नटाबरोबर बोल्टही फिरतो. ते काढायचे कसे? आणि नवे बसवताना नेमकं काय करायचं, म्हणजे पुन्हा असं होणार नाही? जाणकारांनी सविस्तर सांगा. मृग तोंडावर आलाय.

जुना_फोरमन

पोरगं वाचलं, हे सगळ्यात आधी. आता कामाचं.

मी ३१ वर्षं एसटीच्या वर्कशॉपमध्ये काढली. पाना हातात घेण्याआधी ट्रॅक्टर बंद, किल्ली खिशात, पीटीओचा, म्हणजे ट्रॅक्टरची ताकद रोटरला देणारा, शाफ्ट काढून बाजूला. रोटर नुसता हायड्रॉलिकवर उचलून खाली हात घालायचा नाही. दोन्ही बाजूंना लाकडी ओंडके द्यायचे आणि भार त्यांच्यावर टेकवायचा. हायड्रॉलिकच्या भरवशावर खाली शिरलेली माणसं मी पाहिली आहेत. त्यातल्या एकाचा हात पुन्हा सरळ झाला नाही.

अडकलेल्या नटांत घाई करू नका. बोल्टचे जे आटे नटाच्या बाहेर दिसतात, ते आधी तारेच्या ब्रशने लखलखीत करा. नट उलटा येताना त्याच आट्यांवरून येणार. तिथली माती आणि गंज नायलॉनमध्ये भरडत गेला की नट अर्ध्यात जाम होतो. मग गंजाचं तेल मारा, रात्रभर मुरू द्या, सकाळी पुन्हा मारा. तेल नसेल तर डिझेल चालतं, फक्त वेळ जास्त लागतो. एक गोष्ट ध्यानात ठेवा. नायलॉनच्या बाजूने तेल आत जात नाही, रिंग ते अडवते. त्यामुळे तेल नटाच्या खालच्या बाजूने, पात्याला टेकतो तिथून सोडायचं.

बोल्ट फिरतोय म्हणजे त्याच्या डोक्याखालचा चौकोन झिजलाय, नाहीतर पात्याचं चौकोनी भोक गोल झालंय. डोक्याला पाइप पाना घट्ट लावून एकाला धरायला सांगा. तेही सटकत असेल तर त्या नटाचा मोह सोडा. ग्राइंडरला पातळ चक्की लावून नटाच्या एका सपाट बाजूवर, बोल्टच्या लांबीच्या दिशेने चीर पाडा. आट्यांपर्यंत पोहोचायच्या जरा आधी थांबा. त्या चिरेत छिन्नी ठेवून हातोड्याचा एक ठोका दिला की नट फाकतो आणि हाताने निघतो. डोळ्यांना चष्मा पाहिजेच.

गोल झालेल्या नटावर बारा कोनी रिंग पाना चालवू नका. सहा कोनी गोटी वापरा, ती कोपऱ्यावर न धरता सपाट बाजू धरते.

रानवाट

धन्यवाद काका. गावातला वेल्डर म्हणतोय गॅसने तापवतो, दोन मिनिटांत निघतील. तापवू का?

जुना_फोरमन

नट फेकायचाच असेल तर तापवायला हरकत नाही. पण नायलॉन आधी मऊ पडतं, मग वितळून जळतं. त्याचा धूर वाईट, तेव्हा उघड्यावर करा आणि वारा ज्या बाजूने येतो त्या बाजूला उभे राहा. टोकाच्या फ्लँजजवळ (पाती जिच्यावर बसतात ती चकती) बेअरिंग आणि ऑइल सील असतात, तिथे ज्योत नको. आणि एकदा लाल केलेला बोल्ट पुन्हा लावायचा नाही. ८.८ चा बोल्ट (हा ताकदीचा दर्जा) उष्णता देऊन कडक केलेला असतो. लाल झाला की ती कडकी गेली, मग तो दिसायला बोल्ट आणि वागायला खिळा.

मायक्रोमीटर

मी चाकणच्या बाजूला नट-बोल्टच्याच कारखान्यात क्वालिटीत आहे. काकांनी काढण्याचं उत्तम सांगितलं. मी बसवण्याबद्दल लिहिते, पण त्याआधी नट का सुटतो हे समजून घेऊ. ते कळलं नाही तर बाकी सगळं पाठ करूनही उपयोग होत नाही.

रानवाटदादा, नट पात्याला धरून ठेवत नाही. बोल्ट धरून ठेवतो, आणि तोही ताणला गेल्यामुळे. १२ चा ८.८ ग्रेडचा बोल्ट नीट आवळला की त्यात साधारण सव्वातीन-साडेतीन टनांचा ताण बसतो. या ताणामुळे पातं फ्लँजवर इतकं दाबलं जातं की ते घसरूच शकत नाही. रबरबँड ताणून दोन पुस्तकं बांधावीत तसं. फरक एवढाच की लोखंडाचा हा रबरबँड ताणला जातो केसाच्या जाडीइतका. तुमच्या जोडासारख्या बोल्टला हिशेब केला तर मिलिमीटरचा सुमारे विसावा भाग.

आता विचार करा. पात्याला कारखान्याचा रंग, फ्लँजला रंग, मध्ये वाळलेली काळी माती. यांची मिळून जाडी त्या ताणापेक्षा जास्तच भरते. तुम्ही नट आवळता, हाताला घट्ट लागतो. रानात दोन तास रोटर चालला की रंग चेचला जातो, माती पीठ होऊन गळते, आणि बोल्टचा सगळा ताण संपतो. नट एक अंशही फिरलेला नसतो, तरी जोड ढिला झालेला असतो. मग पातं इकडून तिकडे सूक्ष्म घसरायला लागतं, आणि नट फिरायला सुरुवात होते ती त्यानंतर.

हे आडवं घसरणंच नट सोडवतं, हे गेऱ्हार्ड युंकर या जर्मन अभियंत्याने १९६९ मध्ये प्रयोगातून दाखवलं. त्याआधी बराच भर बोल्टच्या लांबीच्या दिशेने बसणाऱ्या धक्क्यांवर होता. युंकरने जोड आडवा हलवणारं यंत्रच बनवलं आणि दाखवलं की पृष्ठभाग एकमेकांवर घसरले की आट्यांतलं घर्षण जणू नाहीसं होतं आणि नट आपोआप उलटा फिरतो. आजही नट-बोल्टची थरथर चाचणी त्याच पद्धतीने होते, आमच्याकडेही ते यंत्र आहे.

रोटरची पाती जमिनीवर आडवी आपटतात. युंकरचं यंत्रच समजा, रोज आठ तास चालणारं.

आता नायलॉकचं काम काय? आतली रिंग बोल्टपेक्षा किंचित लहान असते. आटे तिच्यात दाबून घुसतात आणि ती बोल्टला घट्ट मिठी मारते. म्हणून ताण गेला तरी नट गळून पडत नाही. पण ताण टिकवणं हे तिचं काम नाही. ती राखणदार आहे, मालक नाही. तुमचे अकरा नट हाताने हलत होते, म्हणजे आधी ताण गेला होता आणि नंतर झिजलेल्या रिंगनेही हात सोडला होता.

तर बसवताना असं करा. पातं आणि फ्लँज जिथे टेकतात ती जागा दोन्हीकडून खरवडून कोऱ्या लोखंडापर्यंत आणा. रंगाचा मोह नको, तिथे गंज चढण्याआधी पातं बसलेलं असेल. बोल्टचा चौकोन भोकात पूर्ण बसलाय ना ते पाहा. नवा नट हाताने फिरवा. रिंगपर्यंत तो बोटांनी जायला हवा. त्याआधीच अडला तर आटे खराब आहेत किंवा नट तिरका चढलाय, तिथे पाना लावून जोर करू नका. रिंगला आटे लागले की मात्र बोटांनी पुढे जाता कामा नये. रिंगमधूनही बोटांनीच फिरला तर तो नट टाकून द्या, नवा असला तरी.

१२ च्या ८.८ बोल्टला कोरड्या आट्यांवर साधारण ८० न्यूटन-मीटर. टॉर्क रेंच (आवळायचा जोर मोजणारा पाना) नसेल तर एक फुटी पान्याच्या टोकाला २६-२७ किलोचा जोर. आधी तराजूच्या काट्याला पाना अडकवून एकदा ओढून बघा, हाताला अंदाज बसतो. रिंगमधून नट नुसता फिरवायलाही थोडा जोर लागतो, तो वरून धरायचा. आवळून झाल्यावर बोल्टचे निदान दोन आटे रिंगच्या बाहेर दिसले पाहिजेत. टोक रिंगच्या आतच राहिलं तर तो नायलॉक नाही, साधा नट समजा.

आणि आट्यांना तेल लावून तोच ८० चा आकडा वापरू नका. पान्यावर आपण जो जोर लावतो त्यातला जवळपास निम्मा नटाच्या तळाच्या घर्षणात जातो, चाळीसेक टक्के आट्यांच्या घर्षणात, आणि ताणाला उरतो दहावा भाग. तेलाने घर्षण घटलं की तेवढाच जोर जास्त ताण देतो आणि बोल्ट कायमचा लांबतो.

ऊसवाला_सांगली

ताई, माहिती छान आहे पण माझा अनुभव वेगळा. आमच्या कडबा कुट्टीला आणि मळणी यंत्राला दहा वर्षं जुनेच नायलॉक फिरवून लावतोय, खाली स्प्रिंग वॉशर टाकतो. कधी काही निघालं नाही. शिवाय चेक नट, म्हणजे नटावर दुसरा नट, लावला की काम पक्कं. ७२ नट दरवेळी नवे घ्यायचे म्हणजे शेतकऱ्याला खर्चच की.

मायक्रोमीटर

दादा, तुमचा अनुभव मी नाकारत नाही. कुट्टीच्या चौकटीवरचे बोल्ट आणि रोटरच्या पात्याचे बोल्ट यांच्यावर येणारा मार वेगळा आहे. चौकटीच्या पत्र्यावर, गार्डवर जुना नायलॉक दोन-तीनदा वापरला तर मीही अडवणार नाही, फक्त बोटांची परीक्षा घ्या. पण कुट्टीच्या चाकावरच्या सुऱ्यांना नाही. जे सुटलं तर माणसाला लागेल तिथे नवा नट. अशी विभागणी केली की खर्चही आटोक्यात राहतो.

नायलॉन दरवेळी दाबलं जातं आणि पूर्ण परत येत नाही, म्हणून मिठी प्रत्येक वेळी सैल होत जाते.

स्प्रिंग वॉशरबद्दल मात्र स्पष्ट बोलते. ८.८ चा बोल्ट नीट आवळला तर त्याच्या ताणाच्या बऱ्याच आधी स्प्रिंग वॉशर चपटा होतो. चपटा झाला की तो साधा वॉशर. युंकरच्या यंत्रावर स्प्रिंग वॉशर लावलेला जोड मी स्वतः सुटताना पाहिलाय, आणि साध्या वॉशरच्या जोडापेक्षा फारसा उशीर लागला नाही. नायलॉकखाली तो टाकून उलट एक जास्तीचा पृष्ठभाग वाढतो, जो पुढे चेचला जाणार. तुम्हाला थरथरीला खरंच वॉशर लावायचा असेल तर पाचरीचे जोडवॉशर येतात. दोन चकत्या, आतून उतरत्या दातांच्या. त्या दातांचा चढ आट्याच्या चढापेक्षा जास्त असतो, त्यामुळे नट उलटा फिरायला लागला की चकत्या उलट वर चढतात आणि बोल्ट अजून ताणतात. महाग आहेत, पण रोटरच्या गिअरबॉक्सच्या बोल्टना विचार करा.

चेक नटबद्दल काकांनीच लिहावं.

जुना_फोरमन

चेक नट लावण्यात निम्मे लोक चुकतात. पातळ नट वर आणि जाड खाली, असं सर्रास दिसतं. असायला हवं उलटं. पातळ खाली, जाड वर. वरचा आवळताना भार खालच्यावरून उचलून वरच्यावर येतो, म्हणून भार पेलणारा जाड नट वर पाहिजे. आणि वरचा आवळताना खालच्याला दुसऱ्या पान्याने धरून ठेवायचं. नाहीतर दोन्ही एकत्र फिरतात आणि आपण समजतो आवळलं. आमच्याकडे नवीन पोरांना हे शिकवायला एक बोल्ट शिकंज्यात धरून ठेवलेला असायचा, वीस वेळा करून घ्यायचो.

जिथे चूक चालणारच नाही, स्टिअरिंगच्या सांध्यासारखं, तिथे आम्ही ना नायलॉकवर विसंबायचो ना चेक नटवर. तिथे कॅसल नट (वर खाचा असलेला) आणि त्या खाचेतून बोल्टच्या भोकात घालून वाकवायची कॉटर पिन. भोक जुळलं नाही तर नट पुढे आवळून जुळवायचं, मागे सोडून नाही. चाकाच्या बेअरिंगचा नट याला अपवाद, तिथे बेअरिंगला मोकळीक लागते म्हणून मागेच यायचं. कॉटर पिन एकदा सरळ केली की पुन्हा वाकवायची नाही, तिथे ती तुटते.

हँगर_तीन

मी विमानांच्या देखभालीत आहे. धागा वाचून राहवलं नाही म्हणून लिहितोय.

आमच्याकडे सेल्फ-लॉकिंग नटाची रिंग पकडते का हे आवळण्याआधी बघतातच. नट जागेवर टेकण्याआधी तो फिरवायला लागणारा जोर टॉर्क रेंचवर मोजतात आणि ठरलेल्या आकड्यापेक्षा कमी भरला तर नट बाद. वर ताईंनी सांगितलेली बोटांची परीक्षा याचीच घरगुती बहीण आहे. इंजिनाजवळ गरम जागी नायलॉन वापरत नाही, ते साधारण १२० अंश सेल्सिअसपर्यंतच ठीक. तिथे पूर्ण धातूचे नट असतात, ज्यांचं वरचं तोंड किंचित दाबून अंडाकृती केलेलं असतं. ट्रॅक्टरच्या सायलेन्सरला नायलॉक लावलेला कोणाला दिसला तर बदला. आणि जिथे बोल्टच नटात फिरू शकतो, म्हणजे बिजागरीसारख्या जागी, तिथे सेल्फ-लॉकिंग नट एकटा चालत नाही, कॉटर पिन हवीच.

आता एक घटना. २० ऑगस्ट २००७. तैपेईहून आलेलं चायना एअरलाइन्सचं बोइंग ७३७-८०० जपानमध्ये ओकिनावाच्या नाहा विमानतळावर व्यवस्थित उतरलं, जागेवर जाऊन थांबलं आणि पेटलं. आतले १६५ जण बाहेर पडले, कोणी दगावलं नाही. विमान मात्र जळून गेलं. कारण काय, तर उजव्या पंखाच्या पुढच्या झडपेच्या यंत्रणेतला एक बोल्ट. या जागचे नट सैल होतात हे आधीच्या अनुभवावरून माहीत होतं, म्हणूनच काही आठवडे आधी तो नट काढून, चिकटद्रव्य लावून पुन्हा आवळण्याचं काम झालं होतं. त्या कामात नटामागचा वॉशर गळून पडला. जागा अशी की आत नीट दिसत नाही. वॉशर नसेल तर नट त्या भोकातून आरपार जाण्याएवढा लहान होता. पुढे बोल्ट जागेवरून निसटला, आणि उतरल्यावर झडप मागे घेतली तेव्हा त्याने इंधनाच्या टाकीला भोक पाडलं.

नट सुटू नये म्हणून केलेल्या कामातच हे घडलं. म्हणून मी ही घटना नवीन मुलांना सांगतो. काढलेला प्रत्येक भाग एका ताटलीत काढायचा आणि परत लावताना ताटली रिकामी झाली का ते बघायचं. रानवाट, ७२ नट, ७२ बोल्ट. मोजून ठेवा.

मांडवीकाठ

गोव्याहून लिहितोय. आमच्या होड्यांना खाऱ्या पाण्यामुळे स्टेनलेसचे नायलॉक लागतात. त्याची एक वेगळीच तऱ्हा आहे, ती सांगतो, कारण गंज नको म्हणून कोणीतरी रोटरलाही स्टेनलेस सुचवेल.

स्टेनलेसचा नट स्टेनलेसच्या बोल्टवर इम्पॅक्ट गनने भरकन चढवला की आटे गरम होतात, वरचा पातळ थर खरवडला जातो आणि धातूला धातू चिकटतो. अर्ध्यात असा जाम होतो की ना पुढे ना मागे. जोर केला तर बोल्ट पिळून तुटतो. नायलॉनच्या घर्षणाने ही उष्णता आणखी वाढते. गेल्या पावसाळ्यात मी एका इंजिनाच्या बैठकीचे चार बोल्ट असेच गमावले. आता आट्यांना अँटी-सीझ पेस्ट लावतो, हाताच्या पान्याने सावकाश फिरवतो, आणि जरा गरम लागला की थांबून गार होऊ देतो. काढतानाही तेच. गन नाहीच.

रोटरला मात्र स्टेनलेस घेऊ नका. बाजारात मिळणारे नेहमीचे स्टेनलेस बोल्ट ८.८ एवढे ताकदीचे नसतात.

रानवाट

सगळ्यांचे मनापासून आभार. काय केलं ते लिहितो, म्हणजे पुढच्याला उपयोगी पडेल.

नऊपैकी पाच नट दोन रात्री तेल मुरवून निघाले. तेल काकांनी सांगितलं तसं खालून सोडलं. चार ग्राइंडरने चिरले, एकेकाला पाच मिनिटं लागली. गॅस लावलाच नाही. सगळे ७२ नट-बोल्ट नवे आणले, ८.८ चे, बोल्टच्या डोक्यावर आकडा बघून घेतले. फ्लँजवरचा रंग खरवडायला दोघांना अख्खा दिवस लागला. रंगाखाली जुन्या मातीचा थर होता, ताईंचं वाचलं नसतं तर त्यावरच पातं बसवलं असतं. दुकानदाराने दिलेल्या नव्या नटांतले तीन रिंगमधूनही बोटांनीच फिरले, ते परत केले. तालुक्याच्या गॅरेजमधून टॉर्क रेंच एका दिवसासाठी आणला. आवळून झाल्यावर प्रत्येक नटावर, बोल्टच्या टोकावर आणि फ्लँजवर सलग पांढरी रेघ मारली. पुतण्यानेच मारल्या. आता चालू रोटरमागे कोणी येणार नाही, हे घरात ठरलंय.

एक तास चालवून सगळे पुन्हा तपासले. रेघा जागच्या जागी होत्या, पण रेंच लावल्यावर सहा नट थोडे पुढे गेले. काल बारा एकर झाल्यावर पुन्हा पाहिलं. ७० रेघा सरळ. दोन तुटल्यात, दोन्ही एकाच पात्याच्या.

मायक्रोमीटर

नट किती फिरलेत? घड्याळाच्या मिनिटकाट्याच्या मापाने सांगा. आणि ते पातं काढून चौकोनी भोकं बघा. एवढ्या छोट्या जोडात नट दोन-तीन मिनिटांएवढा मागे गेला तरी ताण जवळपास संपलेला असतो. दोन्ही एकाच पात्याचे आहेत म्हणजे दोष नटात नसणार.

रानवाट

साधारण पाच मिनिटांएवढे. पातं काढलं. पात्याची भोकं चांगली आहेत, पण फ्लँजच झिजलाय. भोकाच्या कडेला बोट फिरवलं तर खळगा लागतो, पातं पूर्ण टेकतच नव्हतं. उद्या सकाळी फ्लँज घेऊन लेथवाल्याकडे जातोय, तोंड सपाट करून घेतो. तोवर रोटर शेडमध्ये ओंडक्यांवर उभा आहे.